माझ्या नावावर वाचलेली कविता

“चला, यश मेली,” ग्रेटाबाई म्हणाल्या आणि चष्म्यावरून टेबलाभोवती नजर फिरवली. “बोला आता.”

त्यांच्या वर्गाची ती रीतच होती. ज्याची कविता त्या दिवशी चर्चेला असेल त्यानं ती एकदा मोठ्यानं वाचायची आणि मग मेल्यासारखं गप्प बसायचं. बाकीचे तिची चिरफाड करणार, पण त्यानं हूं का चूं करायचं नाही. कवी मेल्यावर कविता समजावून द्यायला घरोघर हिंडतो का, असं बाई विचारायच्या. सगळ्यांचं झालं की शेवटी बाई बोलणार, आणि बाई बोलल्या की विषय मिटला. गप्प बसवायची पद्धत तिकडे अमेरिकेत बऱ्याच ठिकाणी आहे म्हणतात. मेलीस म्हणायची पद्धत मात्र बाईंची स्वतःची.

तर त्या गुरुवारी मी मेले होते खरी, पण कविता माझी नव्हती. ती बाईंची होती. हे त्या खोलीत आम्हा दोघींनाच ठाऊक होतं.

आता मागचं थोडं सांगायला हवं, नाहीतर तुम्ही म्हणाल, उदगीरच्या बिडव्यांची यशोधरा अमेरिकेतल्या बर्फात कुणाच्या कविता वाचत बसली होती. ते सगळं अण्णांमुळे. अण्णा म्हणजे माझे वडील. उदगीरच्या कॉलेजात इंग्रजी शिकवायचे. त्यांना स्वतःला कवी व्हायचं होतं, ते काही जमलं नाही. मग त्यांनी ग्रेटा स्टोव्हर या बाईंची भक्ती धरली. हैदराबादच्या एका लायब्ररीतून बाईंचं पहिलं पुस्तक आणलं, अख्खंच्या अख्खं झेरॉक्स केलं आणि वर कापडी बाइंडिंग करून घेतलं. नेब्रास्कातल्या शेतकऱ्याची मुलगी, बाप डुकरं कापायचा, ते सगळं तिनं पंचविशीत कवितेत आणलं आणि देशभर नाव काढलं. अण्णांनी जन्मात अंडं खाल्लं नाही, पण डुकराच्या गळ्यावरून सुरी फिरते ती कविता ते माळवदावर उभं राहून अशी खणखणीत म्हणायचे की शेजारचे लिंगायत दार लावून घ्यायचे. बाईंचं दुसरं पुस्तक घटस्फोटावर निघालं. तिसऱ्यात त्यांनी सख्ख्या बहिणीच्या दारूचे धिंडवडे काढले. पुस्तकाला बक्षीस मिळालं, बहीण दुरावली ती कायमची. त्यानंतर दहा-अकरा वर्षं काही नाही. पण नाव असं होतं की त्या जिथं शिकवायच्या तिथं प्रवेश मिळावा म्हणून लोक देव पाण्यात घालून बसायचे.

मला मिळाला. दोन्ही काका म्हणाले, पोरीचं लग्न लावायचं सोडून सातासमुद्रापार कविता शिकायला कसली धाडतोस. अण्णांनी भावांशी वाकडं घेतलं. निघताना स्टँडवर मला म्हणाले, “मला जे जमलं नाही ते तू कर. बाकी माझं काही मागणं नाही.” दुसरं काही मागितलं असतं तर बरं झालं असतं.

तिथं गेल्यावर कळलं की पहिल्या वर्षाच्या शेवटी आठांतले निम्मेच पुढे ठेवतात आणि कोणाला ठेवायचं ते बाई ठरवतात. मला दुसरी कसली भीती नव्हती. हात हलवत परत गेले तर अण्णा गावात तोंड कसं दाखवतील, एवढीच. आणि बाईंना माझी कविता मुळीच आवडत नव्हती. “तुझ्या जिल्ह्यात एवढा मोठा भूकंप झाला,” त्या एकदा सगळ्यांसमोर म्हणाल्या, “आणि तू चिंचेच्या झाडावर लिहितेस. तुझ्या अंगावर घर पडायला हवं होतं.” वर्ग हसला. मीही हसले. काय करणार?

फेब्रुवारीत एका रविवारी दुपारी त्यांनी मला घरी बोलावलं. मी मनात म्हटलं, झालं, मिळाला नारळ. पण बाईंनी स्वतः चहा केला, म्हणजे गरम पाण्यात पुडी बुचकळून दिली, आणि टाइप केलेला एक कागद पुढ्यात सरकवला.

“वाच.”

मी वाचली. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या आईला मुलगी कशीबशी उठवून स्वयंपाकघरात आणते, खुर्चीत बसवते आणि सिंकमध्ये तिचे केस धुते. आई म्हणते, पाणी फार कढत आहे. मुलगी म्हणते, नाही गं. तेच त्या दोघींचं शेवटचं बोलणं. एवढीच कविता. मी ती पुन्हा पहिल्यापासून वाचली.

“फार सुंदर आहे, मॅडम.” तिकडे गुरूला नावानं हाक मारतात, पण माझी जीभ वळत नसे. आमच्या घरी शिक्षकांना अरे-तुरे केलं की कानफटात बसायची. आजही बघा, एवढं सगळं होऊन तोंडातून ‘बाई म्हणाल्या’च निघतं.

“तू सुंदरच म्हणणार. सगळेच म्हणतात. माझं नाव बघून म्हणतात,” बाई म्हणाल्या. “एका मासिकाचा खास अंक निघतोय. मी त्यांना किराण्याची यादी पाठवली तरी छापतील. मला ही एकदा नावाशिवाय ऐकायचीय. गुरुवारी तुझी पाळी आहे ना? तुझी म्हणून वाच. तास संपताना मी सांगेन कुणाची ते. गंमत येईल.”

“पण मीच का?”

“टॉडची शैली सगळे ओळखतात. मेरीचीही ओळखतात. तुझ्या कवितेला अजून तोंडवळाच नाही. कुणाला संशय यायचा नाही.”

झोंबलं. झोंबणारच. तरी मी लाज गिळून विचारलं, “पुढच्या वर्षी मला ठेवणार आहात का?”

“माझं काम करणाऱ्या माणसाला मी विसरत नाही,” बाई म्हणाल्या.

आता सांगा, मी नाही कशी म्हणणार? आमच्याकडे शाळेतल्या बाईंच्या घरचं दळण आणायला मिळालं तरी वर्गात पोरीचा भाव वाढतो. इथं तर प्रत्यक्ष ग्रेटा स्टोव्हर माझ्या नावाआड उभ्या राहणार होत्या. मी रस्ताभर हसत घरी गेले. कविता खरी कुणाची ते कळल्यावर वर्गाची तोंडं कशी होतील तेच डोळ्यांपुढे येत होतं.

तर गुरुवारी मी वाचली आणि मेले.

पहिली मेरी बोलली. ती पोरगी स्वभावानं गरीब होती. “यात ते पाणी म्हणजे गंगा असणार ना? काहीतरी पवित्र, अंत्यविधीसारखं?”

उदगीर कुठे, गंगा कुठे, आणि कवितेतलं पाणी तर नेब्रास्काच्या नळाचं. मी बाईंकडे बघितलं. बाईंच्या ओठाला एक सुरकुती पडली होती. मला वाटलं हसू दाबतायत.

मग टॉड ब्रेनन. वर्गातला सगळ्यांत हुशार मुलगा, आणि ते त्याला ठाऊक होतं. “मी सरळच सांगतो,” तो म्हणाला, “ही ग्रेटाची नक्कल आहे. तीही फसलेली. ती तोकडी वाक्यं, तो नळ, तो कढत पाण्याचा चटका आणि शेवटी आई मरणार. ग्रेटानं हे वीस वर्षांपूर्वी केलं तेव्हा त्यात रक्त होतं. यात नुसता साबण आहे.”

सगळे फिसकन हसले. टॉडला चेव चढला. “लिहायला काही उरलं नाही की माणूस आईला मारतो. मला तर वाटतं, या कवीचं संपलंय. सुरू व्हायच्या आधीच संपलंय.”

मग काय, घर फिरलं की वासेही फिरतात, तसे सगळेच फिरले. एकजण म्हणाला, भाव आणायचा म्हणून आणलाय. एकीनं विचारलं, मुलीला आईबद्दल काही वाटतं तरी का? मी जीभ दातांखाली धरून बसले होते. बाईंची मान हळूहळू लाल होत चालली होती. पण मनात एकच धोशा, आत्ता सांगतील. आत्ता म्हणतील, मूर्खांनो, ही माझी आहे.

बाईंनी चष्मा काढला.

“टॉड बरोबर बोलला,” त्या म्हणाल्या, “पण फार सभ्यपणे बोलला. ही कविता लिहिणारी त्या खोलीत नव्हतीच. जिनं आईचे केस धुतलेत तिला माहीत असतं की मान धरावी लागते, कानात पाणी जातं, म्हातारी रडते. इथं ते कुठंय? हिनं दुसऱ्या कुणाचं तरी दुःख उचललंय आणि आपलं म्हणून खपवलंय. असल्या माणसानं लिहिणं सोडून द्यावं. यश, तुझे आभार मानून झाले की आपण उठू.”

रीतीप्रमाणे मेलेल्यानं शेवटी तेवढंच बोलायचं असे. बाई खिडकीबाहेर बघत होत्या. मी म्हटलं, “आभारी आहे.”

तास संपल्यावर मी त्यांच्या विभागातल्या खोलीत गेले. कोट अंगात चढवायच्या नादात त्यांना बाही सापडत नव्हती. मी धरली.

“तुम्ही सांगणार होता,” मी म्हटलं.

“काय सांगणार होते? त्या टॉडसमोर?” बाई म्हणाल्या. मग एकदम खुर्चीत बसल्या. अर्धा कोट अंगात, अर्धा लोंबत. “आई गेली तेव्हा मी शिकागोत कविता वाचत होते. केस माझ्या बहिणीनं धुतले. मला शेजारणीनं सांगितलं, मातीच्या दिवशी. बहीण तर माझ्याशी बोलतच नाही.”

“मग मासिकाला देऊ नका ना.”

“सकाळीच पोस्टात टाकून आले. मला वाटलं होतं, टाळ्या ऐकून घरी जाईन.”

“परत मागवा.”

“कारण काय सांगू?” त्यांनी विचारलं. मला त्यांची दया आली. मूर्ख मी. ज्या बाईनं मला भर वर्गात सोललं तिची बाही मी दुसऱ्यांदा धरली आणि कोट चढवून दिला.

एप्रिलमध्ये अंक आला. टॉड तो घेऊन माझ्या दारात. रागानं नुसता फणफणत होता.

“तिनं तुझी कविता चोरली, यश. शब्द न् शब्द. स्वल्पविरामसुद्धा हलवला नाही. आधी वर्गात तुला संपवलं आणि मग ढापली. मी हेडकडे जाऊन आलोय.”

“अरे, कशाला गेलास?”

“कशाला म्हणजे? जबरदस्त कविता आहे ती.”

“तू म्हणाला होतास, नुसता साबण आहे.”

“ते वर्गात गं,” टॉड म्हणाला. “छापलेली वाचल्यावर वेगळी लागते.”

मी त्याला खरं काय ते सांगायला तोंड उघडलं आणि मिटलं. बाईंचं गुपित फोडायला मन होईना. शिवाय पुढच्या वर्षी कोणाला ठेवणार त्याची यादी लागायची होती. टॉड म्हणाला, घाबरू नकोस, आम्ही सातही जण साक्ष द्यायला तयार आहोत, तू फक्त हेडना हो म्हण, ती म्हातारी नोकरीवरून जाते की नाही बघ. खोटं बोलायचा तो मोह किती मोठा होता हे मी सांगत नाही. एका हो-मध्ये माझी जागा पक्की होती.

संध्याकाळी बाई आल्या. माझ्या भाड्याच्या खोलीत, जिना चढून, धापा टाकत. बसल्यासुद्धा नाहीत.

“उद्या हेड, लिंडक्विस्ट, तुला विचारेल, ही कविता तुझी का. तू नाही म्हण.”

“आणि मग?”

“मग मी सांगते. मीच दिली होती म्हणून सांगते. सगळं.”

“वर्गासारखं करणार नाही ना?”

त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. “यशोधरा,” त्या म्हणाल्या. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा पुरं नाव, आणि ते उच्चारायला आधी तालीम करून आल्यासारखं, जपून. “मी एवढी वाईट नाही.”

लिंडक्विस्ट आमच्या विभागाचा हेड. भला म्हातारा. भांडणाचा त्याला मनापासून कंटाळा. एका बाजूला बाई, एका बाजूला टॉड, मध्ये मी. त्यानं अंक उघडून माझ्यापुढे धरला.

“ही कविता तू लिहिलीस का?”

“नाही,” मी म्हटलं.

टॉडनं असं बघितलं, जणू मी त्याच्या तोंडावर थुंकले होते. मी बाईंकडे वळले. आता त्यांची पाळी होती.

“फेब्रुवारीत मी हिला घरी चहाला बोलावलं होतं,” बाई शांतपणे म्हणाल्या. “परदेशातली एकटी मुलगी म्हणून. चहा करायला मी आत गेले. कविता टेबलावर होती. पुढच्या गुरुवारी तीच हिच्या तोंडून ऐकली. मी मुद्दाम कडक बोलले, दुसऱ्याचं दुःख उचललंस असंही म्हणाले, सगळ्यांनी ऐकलंय. वाटलं, स्वतःहून कबूल करेल. नाही केलं.” त्यांनी मान हलवली. “हिला दोष देऊ नका. त्यांच्याकडे मुलं पाठांतरावर वाढतात. तिला ही चोरी वाटलीही नसेल.”

“त्यांनीच दिली होती,” मी म्हटलं. “माझ्या नावावर वाच म्हणाल्या.”

“का बरं?” लिंडक्विस्टनं विचारलं. खरंच उत्तर हवं असल्यासारखं विचारलं.

“नावाशिवाय चालते का ते बघायला.”

तो बाईंकडे बघून ओशाळं हसला. “ग्रेटाला?” तो म्हणाला. “पोरी, ग्रेटा स्टोव्हरला?”

“यश, पुरे आता,” टॉड म्हणाला. कालचा माझा वकील. “मी तुझ्यासाठी भांडलो. निदान माझी आणखी शोभा करू नकोस.”

बाईंनी मोठ्या मनानं विनंती केली की कागदोपत्री काही ठेवू नका, मुलगी मुकाट परत जाऊ दे. लिंडक्विस्टला हायसं वाटलं. बाहेर पडताना मी बाईंना अडवलं. विचारलं, का? एवढंच.

“तू तरुण आहेस,” त्या म्हणाल्या. “तुला दुसरं काहीतरी करता येईल. मला दुसरं काही येत नाही.” आणि पॅसेजमधून चालत्या झाल्या. त्यांनी मागे वळूनसुद्धा बघितलं नाही.

विमानात मी एकच घोकत होते, अण्णांना कसं सांगायचं. जगानं चोर म्हटलं तर म्हणू दे, अण्णांना खरं कळलं की पुरे. घरी आले तर अण्णा ओसरीवर उभे. डोळे सुजलेले, पण चेहऱ्यावर एक वेगळंच तेज.

“बाईंचा फोन आला होता,” ते म्हणाले.

“कुठल्या बाईंचा?”

“ग्रेटा स्टोव्हर यांचा. इथं, आपल्या घरी. मी उभ्यानं बोललो. आवाज काय गं त्यांचा. म्हणाल्या, पोरीवर रागावू नका, लहान आहे, चुकली. अडाणी बापाला फोन करायची त्यांना काय गरज होती? केवढं मन.”

मी पायातली चप्पलही न काढता सगळं सांगितलं. चहा, गुरुवार, शिकागो, बहीण, सगळं. अण्णांनी मध्ये एकदाही न अडवता ऐकलं. मग हळूच म्हणाले, “बाळ, असली बाई स्वतःची कविता तुझ्या नावावर कशाला देईल?” आई आतून म्हणाली, जेवून घ्या आधी. पुढे काका आले, भावाभावांत गोडी झाली, कारण आता अण्णांकडे तोऱ्यानं सांगायला काही उरलं नव्हतं. माझी जागा म्हणाल तर मी लातूरला एका शाळेत लागले, आणि एक ओळही पुन्हा लिहिली नाही.

दोन वर्षांनी बाईंचं चौथं पुस्तक आलं. त्या कवितेचंच नाव पुस्तकाला. तिकडचं सगळ्यांत मोठं बक्षीस मिळालं, आणि टॉडनं त्यावर लांबलचक लेख लिहिला म्हणे, की यातलं दुःख भोगलेलंच असणार, ते उसनं आणता येत नाही. अण्णांनी पुस्तक मुंबईहून मागवलं. मी सुट्टीला घरी गेले तेव्हा ते खाटेवर आडवे होते. तोवर त्यांना दम्यानं पार पिळून काढलं होतं. पुस्तक छातीवर.

“वाचली,” ते म्हणाले. “ती केस धुण्याची.”

मी खाटेच्या कडेला बसले.

“अस्सल आहे गं. असली कविता उघड्यावर पडलेली दिसली तर कुणालाही मोह होईल. मी असतो तर मीही उचलली असती.” त्यांनी माझा हात हातात घेतला. “मी तुला केव्हाच माफ केलंय.”

“अण्णा, मी चोरली नव्हती.”

“बरं,” अण्णा म्हणाले, “नव्हती तर नव्हती.” आणि माझ्या डोक्यावरून हात फिरवत राहिले.